बार्बेक्यूची जाळी घासूनही पुन्हा गंजते आणि चिकटते : कारणे व सुरक्षित उपाय

तक्रार नेहमी साधारण अशीच असते. शनिवारी रात्री गच्चीवर पनीर, मक्याची कणसे, एखादी सुरमई भाजली जाते. रविवारी सकाळी जाळी साबण आणि तारेच्या घासणीने लख्ख घासून ठेवली जाते. पंधरा दिवसांनी आच्छादन काढले की तीच जाळी तांबूस दिसते, पनीर उलटताना अर्धा तुकडा जाळीलाच राहतो आणि हाती आलेल्या अर्ध्या तुकड्याला काळे कण चिकटलेले असतात. मग पुढच्या रविवारी अधिक जोराने घासले जाते आणि गंज त्याहून लवकर येतो.

बाणेरला राहणाऱ्या माझ्या धाकट्या बहिणीने गेल्या हिवाळ्यात मला नेमके हेच विचारले होते. "दादा, मी इतकी घासते, तरी गंज येतोच कसा? जाळीच खराब निघाली का?" जाळी चांगली होती. ती इतकी घासली जात होती म्हणूनच गंजत होती, हे तिला पटवून द्यायला मला दोन रविवार लागले. त्या दोन रविवारी जे पाहिले, करून बघितले आणि सुधारले, ते येथे सविस्तर लिहीत आहे, कारण त्यातील काही चुका नुसत्या जाळीला नव्हे, जेवणाऱ्या माणसाला इजा करणाऱ्या आहेत.

पुन्हा पुन्हा गंज येण्याचे कारण

आपल्या घरातला बिडाचा तवा आठवावा. आजी तो कधी साबणाने खरवडत नसे. गरम असतानाच फडक्याने पुसायचा, तेलाचा हात फिरवायचा आणि कोरड्या जागी उभा करून ठेवायचा, एवढीच त्याची निगा. त्या तव्याचा काळा, गुळगुळीत थर म्हणजे मळ नसतो. तेल पातळ पसरून तापले की त्याचे रेणू एकमेकांना जोडले जाऊन धातूवर घट्ट, कोरडे कवच बसते, आणि ते कवच पाणी व हवा या दोहोंना लोखंडापर्यंत पोहोचू देत नाही. बार्बेक्यूची लोखंडी किंवा बिडाची जाळी या तव्याचीच बहीण आहे. तिला चकचकीत करण्याच्या नादात आपण दर वेळी ते कवच काढून टाकतो, उघडे लोखंड पाण्यात बुडवतो आणि वर आच्छादन घालून ओल आत कोंडतो.

काळे कवच आणि काळी खरवड यांत मात्र फरक केला पाहिजे. कवच बोटाला लागत नाही, त्याच्यावर उंचवटे नसतात. खरवड म्हणजे जळालेले मसाले, दही आणि चरबी यांचे खडबडीत थर, जे नखाने किंवा लाकडी पट्टीने सुटतात. कवच ठेवायचे आणि खरवड काढायची, इतकीच खरी सफाई. खरवड ठेवली तर पदार्थ तिला चिकटतो, तिचे कण पदार्थाला लागतात आणि तिच्यातली जुनी चरबी पुढच्या वेळी पेट घेते. झाकणाच्या आतून गळणाऱ्या काळ्या पापुद्र्यांना पुष्कळ जण रंग समजून घाबरतात. बहुतेक वेळा तो धुराचा आणि चरबीचा साठलेला कोळसाच असतो. झाकण थंड असताना कोरड्या फडक्याने किंवा काथ्याच्या ब्रशने तो झाडून काढावा, म्हणजे अन्नावर पडणार नाही.

बहिणीच्या बाबतीत आणखी दोन गोष्टी जमून आल्या होत्या. तिच्या सोसायटीत बोअरवेलचे आणि टँकरचे पाणी मिसळून येते. ते जड असते, वाळल्यावर जाळीवर पांढरे डाग राहतात आणि त्या क्षारांखाली गंज लवकर धरतो. दुसरी गोष्ट थंडीची. पुण्यात डिसेंबर-जानेवारीत पहाटे पारा दहा अंशांच्या आसपास किंवा त्याखालीही उतरतो. रात्री अकराला कोमट ग्रिलवर प्लास्टिकचे आच्छादन ओढले की आतली दमट हवा पहाटे त्याच आच्छादनाच्या आतल्या बाजूने थेंब होऊन जाळीवर गळते. पाऊस नसतानाही आच्छादनाखालची जाळी ओली का, याचे तिला वाटणारे आश्चर्य या एका निरीक्षणाने संपले.

त्यात राखेची भर असते. कोळशाच्या राखेतील पोटॅशचे क्षार हवेतील ओलावा ओढून घेतात, त्यामुळे तळाशी राहिलेली राख पावसाळी हवेत चिखलासारखी घट्ट होते आणि पत्र्याला महिनोन् महिने ओले ठेवते. वरची जाळी घासून तळाची राख तशीच ठेवणारे ग्रिल बहुतेक वेळा तळाकडूनच सडते.

आधी जाळी कशाची आहे ते पाहावे

एकच उपाय सर्व जाळ्यांना लावता येत नाही, म्हणून ब्रश हाती घेण्याआधी धातू ओळखावा. बिडाची जाळी जाड, जड आणि किंचित खरबरीत असते. पडली तर वाकत नाही, तडकते. तापलेल्या बिडावर थंड पाणी ओतले तरी ती तडकू शकते. साध्या लोखंडी सळ्यांची, म्हणजे वर्कशॉपमध्ये ज्याला एमएस म्हणतात ती जाळी सर्वांत लवकर गंजते, पण तेलाचे कवचही तिच्यावर चांगले बसते. एनॅमल चढवलेल्या जाळीवर काचेसारखा चकाकता थर असतो. तिला टणक धातूने खरवडले तर टवका उडतो आणि त्या जागेवरून गंज आत शिरतो. उडालेला टवका अन्नात गेला तर तो काचेचाच तुकडा समजावा. क्रोमचा मुलामा दिलेल्या स्वस्त जाळीचा मुलामा सोलला जाऊ लागला की ती दुरुस्त करण्याच्या भानगडीत न पडता बदलावी. स्टेनलेस स्टीलची जाळी सर्वांत सोशिक, तरीही मीठ आणि आम्ल तिच्यावर रात्रभर राहिले तर बारीक खड्डे पडतात. लोहचुंबक चिकटले म्हणजे स्टील बनावट, असे मानू नये. स्टेनलेसचे काही प्रकार चुंबकाला चिकटतात.

एका प्रकाराविषयी मात्र थांबून बोलायला हवे. नऱ्हे-धायरीकडच्या किंवा भवानी पेठेतल्या वर्कशॉपमधून अर्ध्या ड्रमची शेगडी बनवून घेण्याची आपल्याकडे पद्धत आहे. पद्धत उत्तम आहे, शेगड्याही मजबूत होतात. पण वर टाकायला अनेकदा जीआयची, म्हणजे जस्ताचा मुलामा दिलेली वेल्डमेश जाळी वापरली जाते, कारण ती हाताशी असते आणि गंजत नाही. ही जाळी कुंपणासाठी आहे, अन्नासाठी नाही. दही, लिंबू, चिंच अशा आंबट मसाल्यांत जस्त विरघळून पदार्थात उतरते. जस्त सुमारे ४२० अंश सेल्सिअसला वितळते आणि फुललेले निखारे त्याहून कितीतरी अधिक तापलेले असतात. जस्त अति तापले तर त्याचा पांढरा धूर होतो आणि तो श्वासात गेल्यास थंडी वाजून ताप येतो. जीआयच्या तुकड्यांवर काम करणाऱ्या वेल्डरना हा ताप चांगला ठाऊक असतो. अशी जाळी घरी जाळून किंवा ॲसिड टाकून तिचा मुलामा काढण्याचा प्रयत्न कृपया करू नये. ती बाजूला काढावी आणि शेगडी बनवणाऱ्याकडून साध्या लोखंडी किंवा स्टेनलेसच्या सळ्यांची जाळी जोडून घ्यावी. वापरलेला ड्रम असेल तर त्यात पूर्वी काय भरले होते, हेही त्याच वेळी विचारून घ्यावे. रसायनाचा ड्रम कितीही धुतला तरी अन्नासाठी घेऊ नये.

तारेचा ब्रश का नको

ज्या गोष्टीसाठी मी हे लिहायला बसलो, ती ही आहे. मागच्या डिसेंबरमध्ये आमच्याच गच्चीवर, माझ्याच हातच्या ग्रिलवर, भाजलेल्या ढोबळ्या मिरचीच्या तुकड्यात सेंटिमीटरभर लांबीची, केसापेक्षा थोडी जाड अशी पोलादी तार सापडली. ती ताट वाढताना दिव्याच्या उजेडात चमकली म्हणून दिसली. ते ताट माझ्या सात वर्षांच्या भाच्याचे होते. सकाळी जाळी ज्या तारेच्या ब्रशने घासली होती, तो उलटा करून पाहिला तेव्हा चार-पाच ठिकाणी तारांचे झुबके विरळ झालेले होते, म्हणजे ही एकच तार सुटलेली नव्हती. त्या रात्रीचे सर्व अन्न आम्ही टाकून दिले.

असे कुठे घडते का, असे वाटणाऱ्यांसाठी दोन नोंदी पुरेशा आहेत. अमेरिकेतील ऱ्होड आयलंड राज्यातल्या एकाच रुग्णालयात मार्च २०११ ते जून २०१२ या काळात ग्रिलच्या ब्रशची तार गिळलेले सहा रुग्ण आले. कोणाच्या मानेतील मऊ भागात तार रुतली होती, तर कोणाच्या आतड्याला छिद्र पडून तातडीने शस्त्रक्रिया करावी लागली. तेथील रोग नियंत्रण केंद्राने २०१२ मध्ये ते प्रसिद्ध केले. पुढे २०१६ मध्ये मिसुरी विद्यापीठातील संशोधकांनी राष्ट्रीय नोंदींवरून अंदाज काढला की २००२ ते २०१४ या काळात त्या देशात अशा सुमारे १,६९८ जखमा आपत्कालीन विभागांत आल्या. सर्वांत जास्त इजा तोंड आणि घसा येथे झालेल्या होत्या.

आपल्याकडे याला एक जोड आहे आणि ती धोक्याची आहे. माशाचा काटा अडकला की भाताचा कोरडा गोळा किंवा केळे गिळायला देण्याची सवय घरोघरी आहे. भाजलेले खाताना किंवा खाल्ल्यावर घशात टोचले, गिळताना दुखू लागले किंवा पुढच्या एक-दोन दिवसांत पोटात तीव्र दुखू लागले, तर हा उपाय करू नये, कारण तार त्याने अधिक खोल रुतू शकते. सरळ डॉक्टरांकडे जावे आणि "तारेच्या ब्रशने घासलेल्या जाळीवरचे खाल्ले आहे" हे वाक्य न विसरता सांगावे. हे सांगितले नाही तर पोटदुखीची दुसरीच कारणे शोधण्यात वेळ जातो. सांगितले तर एक्स-रे किंवा सीटी स्कॅनमध्ये काय शोधायचे ते डॉक्टरांना कळते.

भांडी घासण्याची तारेची घासणी यातून सुटत नाही. तिचेही वेटोळ्यांचे तुकडे पडतात आणि जाळीच्या सांध्यांत अडकतात. नायलॉनचा ब्रश थंड जाळीवर चालतो, गरम जाळीवर तो वितळून चिकटतो.

मग घासायचे कशाने? उत्तर मंडईत आणि आपल्या देव्हाऱ्याच्या मागे आहे. पूजेच्या नारळाची शेंडी एकत्र गुंडाळून, सुतळीने घट्ट बांधून, पाण्यात बुडवून पिळून घ्यावी आणि लांब चिमट्यात धरून कोमट जाळीवर फिरवावी. पूर्वी हिनेच राखेबरोबर भांडी घासली जात, आणि तिचा सुटलेला तंतू अन्नात गेलाच तरी तो डोळ्यांना दिसतो आणि टोचत नाही. तिच्या जोडीला एक लाकडी पट्टी ठेवावी. सुताराकडून बाभळीच्या किंवा सागाच्या फळीचा हातभर लांब, चार बोटे रुंद तुकडा घ्यावा, त्याला रंग किंवा पॉलिश नसावे, आणि टोकाला तिरका उतार द्यावा. तो गरम जाळीवर दाबून दोन-चार वेळा ओढला की सळ्यांच्या मापाच्या खाचा त्यात आपोआप पडतात आणि मग तो त्या जाळीचे दोन्ही काठ धरून खरवडतो. माझी पट्टी आता वर्षभर वापरात आहे.

ज्यांनी आजवर तारेचा ब्रश वापरला आहे त्यांनी जाळी एकदा ओल्या सुती फडक्याने दोन्ही बाजूंनी पुसावी, उजेडात तिरकी धरून सांधे पाहावेत आणि तारा लपलेल्या असल्या तर फडक्याला अडकतात का ते बघावे. ब्रश टाकताना तो जाड कागदात गुंडाळून, वर "तारा आहेत" असे लिहून सुक्या कचऱ्यात द्यावा. तो कचरा पुढे एका ताईंच्या हातांनी निवडला जाणार आहे.

सफाईचा क्रम

सफाई दुसऱ्या दिवशी सकाळी करायची हा बहुतेक घरांतला क्रम आहे आणि मूळ चूक तीच आहे. थंड झालेली चरबी आणि दह्याचा थर दगडासारखा होतो. शेवटचा घास भाजून झाला की पुढच्या अर्ध्या तासात, ग्रिल गरम असतानाच, जे काम तीन मिनिटांत होते त्याला सकाळी तास लागतो.

पण तापवण्याआधी चरबीची तबकडी पाहावी. मांस किंवा मासे भाजले असतील तर गॅसच्या ग्रिलखाली साठलेली चरबी आधी काढून टाकावी, कारण झाकण लावून जाळी तापवताना तीच पेट घेते. पेट घेतलाच तर पाणी अजिबात टाकू नये. गॅसची कळ हात भाजल्याशिवाय बंद करता येत असेल तर बंद करावी, झाकण आणि हवेची दारे मिटावीत आणि दूर व्हावे. खाण्याचा सोडा किंवा कोरडी वाळू शेजारी असलेली बरी.

तबकडी रिकामी असेल तर झाकण लावून दहा-पंधरा मिनिटे धूर थांबेपर्यंत जाळी तापू द्यावी. कोळशाच्या शेगडीत उरलेले निखारेच हे काम करतात. आच अधिक राहावी म्हणून संपूर्ण जाळीवर ॲल्युमिनियमची फॉइल पसरण्याचा सल्ला काही जण देतात. गॅसच्या ग्रिलवर तो पाळू नये, कारण कोंडलेली उष्णता कळ आणि नळीपर्यंत पोहोचते. आता आच बंद करून जाळी थोडी निवू द्यावी. हात चार बोटांवर धरता येतो पण स्पर्श करता येत नाही, अशी ती असावी. मग लाकडी पट्टीने खरवड काढावी, ओल्या शेंडीने घासावे, आणि शेवटी घडी घातलेले सुती फडके चिमट्यात धरून पुसावे. पाण्याचा वापर येथेच संपतो. साबण लावायचाच असेल तर तो महिन्याकाठी एकदा, जाळी पूर्ण थंड असताना, आणि धुतल्यानंतर लगेच पाच मिनिटे तापवून कोरडी करण्याची तयारी असेल तरच.

कोरडी झालेली, अजून कोमट असलेली बिडाची किंवा लोखंडाची जाळी रिफाइंड शेंगदाणा किंवा सूर्यफूल तेलाने पुसावी. तेल लावून झाल्यावर दुसऱ्या, कोरड्या फडक्याने ते पुन्हा पुसून काढावे, जणू चुकून लागले होते. जाड तेल तापून कवच होत नाही, चिकट गोंद होतो, आणि त्यावर धूळ, झुरळे व मुंग्या येतात. जाळी चिकट लागते अशी तक्रार असेल तर तेल कमी पडलेले नसून जास्त झालेले असते. फवाऱ्याचे तेल पेटत्या ग्रिलवर मारू नये. तेलाचा तो बारीक तुषार आणि डब्यातला वायू दोन्ही पेटतात.

निखारे आणि राख

निखाऱ्यांवर पाणी ओतून ते विझवण्याची घाई धोक्याची आहे. एकदम उठणारी वाफ गरम राख तोंडावर उडवते. झाकणाच्या शेगडीची हवेची दारे बंद केली की निखारे आपोआप विझतात, पण विझले असे वाटले तरी राखेच्या पोटात ते कित्येक तास जिवंत असतात. राख ४८ तास निवू द्यावी हा नियम आम्ही पाळतो. त्याआधी काढावीच लागली तर झाकणाच्या पत्र्याच्या बादलीत घेऊन, थोडे थोडे पाणी शिंपडत ढवळून पूर्ण भिजवावी. प्लास्टिकच्या बादलीत किंवा सोसायटीच्या कचऱ्याच्या डब्यात अर्धवट निवलेली राख जाऊ देऊ नये.

आणि हे विशेष करून थंडीसाठी: धुगधुगणारी शेगडी ऊब मिळावी म्हणून खोलीत आणू नये, काचा सरकवून बंद केलेल्या बाल्कनीतही ठेवू नये. निखाऱ्यांतून कार्बन मोनॉक्साइड निघतो. त्याला रंग नाही, वास नाही, आणि झोपलेल्या माणसाला तो उठवत नाही. विझत आलेली शेगडी धूर देत नाही म्हणून ती निर्धोक वाटते, पण वायू तेव्हाही निघत असतो.

लाकडी कोळशाची चाळलेली राख कुंडीत टाकावी का, असेही विचारले जाते. राख अल्कधर्मी असते आणि आपली काळी माती बहुतेक ठिकाणी आधीच त्या बाजूला झुकलेली असते, त्यामुळे तिला त्याची गरज नसते. दाबून केलेल्या कोळशाच्या वड्यांची राख तर झाडांना देऊच नये.

रसायनांविषयी

खरवड फारच जुनी असेल तर गरम पाण्यात धुण्याचा सोडा विरघळवून लोखंडी किंवा स्टेनलेसची जाळी तासभर बुडवावी. हातमोजे घालावेत. ॲल्युमिनियमच्या भागांना मात्र हा सोडा लावू नये, ते काळवंडतात. तेथे खाण्याच्या सोड्याची ओलसर पेस्ट आणि मऊ फडके पुरते.

कॉस्टिक सोडा घरी वापरू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. तो कातडी आणि डोळे जाळतो, पाण्यात पडताच पाणी उकळण्याइतके तापू शकते, आणि ॲल्युमिनियमशी त्याचा संयोग होऊन हायड्रोजन हा ज्वलनशील वायू सुटतो. फवाऱ्याच्या ओव्हन क्लीनरमध्येही अनेकदा हाच असतो. तो वापरायचाच ठरवला तर मोजे, डोळ्यांवर चष्मा, मोकळी हवा आणि पूर्ण थंड जाळी, यांतली एकही गोष्ट गाळू नये आणि नंतर जाळी भरपूर पाण्याने धुऊन, तापवून मगच तिच्यावर अन्न ठेवावे.

न्हाणीघर किंवा संडास धुण्याचे ॲसिड जाळीला लावलेले मी पाहिले आहे. गंज जातो हे खरे, पण त्यातील क्लोराइड स्टेनलेसलाही खड्डे पाडते आणि लोखंडावर काही तासांतच नवा गंज आणते. तेच ॲसिड ब्लीचमध्ये मिसळले गेले तर विषारी क्लोरीन वायू सुटतो. एकाने काम होईना म्हणून वरून दुसरे ओतणे, ही गच्चीवरच्या मोरीत सहज होणारी चूक आहे. ब्लीच आणि अमोनिया यांचीही गाठ पडू देऊ नये.

गंज आलाच असेल तर

वरवरचा तांबूस गंज पाहून जाळी टाकून देण्याचे कारण नाही. आधी कोरड्या शेंडीने सुटा गंज झाडावा. मग लिटरभर कोमट पाण्यात दोन चमचे सायट्रिक ॲसिड, जे आपण ढोकळ्यासाठी आणतो तेच, विरघळवून जाळी अर्धा-एक तास बुडवावी आणि घासावी. रात्रभर ठेवू नये, आम्ल गंजानंतर लोखंडही खाऊ लागते. बाहेर काढून खाण्याच्या सोड्याच्या पाण्याने धुवावी आणि तत्क्षणी आचेवर कोरडी करावी. येथे दहा मिनिटांचा उशीर झाला तरी डोळ्यांदेखत नारिंगी छटा चढू लागते. त्यानंतर तेलाचे तीन हात द्यावेत, प्रत्येक हात पुसून इतका पातळ केलेला की जाळी कोरडी दिसावी, आणि प्रत्येक हातानंतर झाकण लावून मध्यम आचेवर पाऊण ते एक तास तापवावे. पहिल्या हातानंतर ती तपकिरी दिसते, तिसऱ्यानंतर काळसर आणि गुळगुळीत. बहिणीची जाळी आम्ही अशीच परत आणली. सळई बारीक झाली असेल, पापुद्रे सुटत असतील किंवा सांधा हलत असेल तर मात्र जाळी बदलावी.

गॅसच्या ग्रिलची ज्योत पिवळी पडली तर

जाळी स्वच्छ असूनही सगळीकडे काजळी येत असेल तर ज्योत पाहावी. निळी ज्योत योग्य. पिवळी, आळशी, वर लवलवणारी ज्योत म्हणजे बर्नरला हवा कमी मिळते आहे. पावसाळ्यानंतर याचे कारण बहुतेक वेळा एकच असते: बर्नरच्या नळीच्या तोंडात कोळ्याचे जाळे किंवा कुंभारीण माशीचे मातीचे घर. मार्ग अडला की गॅस मागे फिरून नळीच्या बाहेर, कळेजवळ पेटू शकतो, म्हणून हे किरकोळ समजू नये. रेग्युलेटर बंद करून सिलिंडरपासून वेगळा करावा, बर्नर थंड झाल्यावर काढून बाटली धुण्याच्या ब्रशने नळी साफ करावी आणि बुजलेली छिद्रे बारीक पिनेने, ती मोठी न करता, मोकळी करावीत.

जोडणी परत केल्यावर सांध्यांना आणि रबरी नळीला साबणाचा फेस लावून बुडबुडे येतात का ते पाहावे. काडी पेटवून गळती शोधणे म्हणजे जीव धोक्यात घालणे होय. नळीला चिरा असतील, ती कडक झाली असेल किंवा तिच्यावर छापलेली मुदत संपली असेल, तर नवी आणावी. स्वयंपाकाचा गॅस हवेपेक्षा जड असतो आणि गच्चीच्या कठड्याशी, मोरीत, जिन्यात साचतो. वास येत असेल तर काहीही न पेटवता, दिव्याचे बटणही न दाबता दूर व्हावे आणि १९०६ या गॅस गळतीच्या क्रमांकावर कळवावे. ग्रिल पेटवताना झाकण नेहमी उघडे असावे.

पावसाळ्याची तयारी

पुण्यात जूनपासून सप्टेंबरपर्यंत ग्रिल बहुतेक पडूनच असते आणि वर्षभराचा गंज या चार महिन्यांत येतो. मे महिन्याच्या शेवटी राख शेवटच्या चिमटीपर्यंत काढावी, जाळ्यांना तेलाचा एक पातळ हात देऊन तापवावे, निवल्यावर त्या वर्तमानपत्रात गुंडाळून घरात कपाटावर ठेवाव्यात. बाहेर राहणाऱ्या सांगाड्याचे आच्छादन खालून दोन विटांवर उचललेले असावे, म्हणजे हवा फिरते. बर्नरच्या नळ्यांच्या तोंडाला बारीक जाळीचे कापड बांधून ठेवावे आणि त्यावर लाल दोरा बांधावा, कारण ऑक्टोबरमध्ये पेटवण्याआधी ते काढण्याची आठवण राहिली पाहिजे. नवरात्रात पहिल्यांदा आच्छादन काढताना आत पाल किंवा उंदराचे घर नाही ना ते पाहावे, कापड सोडावे, नळी तपासावी, आणि रिकामी जाळी पंधरा मिनिटे तापवून, पुसून, मगच तिच्यावर पहिले कणीस ठेवावे.